खंडेनवमीला धुतलेले नोझल

दुष्काळाच्या आदल्या वर्षीची गोष्ट. पारनेर तालुक्यातल्या आमच्या गावात मोटार एकच होती, आणि ती आमची होती! जुनीच, पेट्रोलचं इंजिन काढून डिझेलचं बसवलेली. चढाला लागली की इतका काळा धूर ओकायची की मागचा रस्ता दिसेनासा व्हायचा. वैतागून माझ्या वडिलांनी, आबांनी, दसऱ्याला गिऱ्हाईक बोलावलं. मी रडले, भांडले. शेवटी आबा म्हणाले, "गावाभायेरचा चढ टॉप गियरमधी चढली तर ठिवू. न्हाई तर दिली." मी रानातल्या रानात याच गाडीवर शिकले होते. गाडी गेली की माझं चालवणं कायमचं संपलं, हे मला पक्कं ठाऊक होतं.

दोष नोझलचा होता. नोझल म्हणजे इंजिनात डिझेलचा फवारा मारणारी बोटभर तोटी. तिच्या तोंडाशी काजळी धरली की फवाऱ्याऐवजी धार पडते आणि डिझेल अर्धवट जळतं. उपाय सांगणारे मात्र पायलीचे पन्नास. आबांनी नगरहून टाकीत ओतायचं औषध आणलं होतं. डब्यावरचं चित्र झकास, गुण शून्य! कुणी रॉकेल सांगितलं, कुणी कानस. कानशीचं नाव ऐकून माझं डोकंच फिरलं. तोंडाला एक ओरखडा पडला तरी नोझल मेला. इंजिन बसवणाऱ्या मिस्त्रीला मी गाळलेलं डिझेल आणि पितळी तारांचा ब्रश वापरताना पाहिलं होतं. मी तेच धरलं.

खंडेनवमीच्या सकाळी चारी नोझल उतरवून घासले. मग एकेक पाइपला बाहेरच्या बाहेर जोडला आणि आबांना स्टार्टर मारायला लावला. फुर्रर्र! धार नाही, नुसतं धुकं! दुसराही तसाच! मी अंगणात उड्याच मारल्या. चारी नोझल पुसून ताटात ठेवले आणि आंघोळीला पळाले.

येऊन बघते तर ताट पाटावर, कोयत्या-कुऱ्हाडीच्या ओळीत. हत्यारांची पूजा मांडायची आणि लेकीचा जीव जडलेल्या वस्तू वगळायच्या, हे आईला कसं जमावं? हळद, कुंकू, अक्षता, वर शिंपडलेलं पाणी. आरती होईस्तोवर कशीबशी थांबले, नोझल वरवर पुसले आणि घाईघाईने बसवून टाकले.

दसऱ्याला गिऱ्हाईक आलं, शेजारच्या गावचे एक बागाईतदार. आबांनी गाडी चालू केली तर ती पहिल्यापेक्षा जास्त थरथरायला लागली. पाना घेऊन मी चालत्या इंजिनावर एकेका पाइपचा नट सैल करत गेले. पहिला सैल केला, इंजिन अडखळलं. दुसऱ्यालाही अडखळलं. तिसऱ्याला काही फरकच नाही. सापडला! तोच नोझल मुळात बंद होता. खोलला तर आतल्या सुईला लालभडक कुंकू.

आईचा चेहरा उतरला. "म्या बिघडिवली का गं?"

"टिकली पुरली असती, आई. तू तर मळवट भरला!" मी म्हणाले, आणि ती हसली तेव्हा कुठे मला बरं वाटलं. नोझल डिझेलमध्ये खळखळून धुतला आणि बसवला.

मग चढ. आबा चालवत होते, शेजारी बागाईतदार, मागे आई आणि मी. अर्ध्यावर आबांचा हात गियरकडे गेला. "नका, आबा! वडतीया ती!" मी ओरडले. हात मागे आला. गाडी गुरगुरत वर निघाली, आणि मागे वळून पाहते तर धूर नाही, रस्ता लख्ख! माथ्यावर पोचलो तेव्हा मी आईला गच्च मिठी मारली.

"गाडी लई झ्याक हाय," बागाईतदार म्हणाले. "मी आत्ताच न्हेतो."

मीच गाडी इतकी चांगली करून ठेवली होती की ती त्यांच्या डोळ्यांत भरली.

आबा उतरले आणि त्यांनी माझं दार उघडलं. "द्यायची न्हाई," ते बागाईतदारांना म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "म्होरं बस. हितनं घरापातुर तू घे."

बागाईतदारांनी टोपी सावरली आणि ते दार उघडून खाली उतरले. "उतारच हाय. मी येतो चालत."

त्यांच्या जागी आबा बसले. आई मात्र हलली नाही. पदर खोचून मागच्या सीटवर मधोमध सरकली.

"चल गं," म्हणाली, "सोनं वाटायला उशीर हुतोय."