घुंगरू बांधायला लागणारा वेळ

कंपवाताचं निदान झालं तेव्हा मी ते फक्त नवऱ्याला आणि मुलीला सांगितलं. शारजातल्या आमच्या हॉलमध्ये मी कथकचा क्लास घ्यायचे. थरथरत्या हाताच्या बाईकडे पोरींना कोण पाठवणार? डावा हात ओढणीखाली दडवून मी हसत शिकवत राहिले.

वाढदिवसाला मुलीने दुबईच्या एका हॉटेलात फ्रेंच कॅबरे बघायला नेलं. झालरींचे घेरदार झगे, डोक्याच्या वर फेकलेले पाय, आणि शेवटी उडी मारून थेट जमिनीवर पाय फाकवून बसणं. लोक टाळ्या पिटत होते, मी त्या बायकांचे गुडघे बघत होते. असं आदळलं की सडकून लागतं. पण एकीच्याही कपाळावर आठी नव्हती. मला त्या माझ्याच घराण्यातल्या वाटल्या. दुखणं स्टेजवर न्यायचं नाही, हे मीही गुरूंच्या छडीखाली शिकले होते.

महिनाभराने मुलीनेच एका कलादालनात नेलं. तिथे एक चिनी कलावंत लोकांसमोर खुर्चीवर बसून आपल्या गेलेल्या आईचा कोट घालत होती. बोटं मुद्दाम चिकटपट्टीने जखडलेली. एक बटण लागेपर्यंत माझा जीव मेटाकुटीला आला. ना संगीत, ना ताल. हे तर मी रोज घरी फुकट करते, असं मी चिडून पुटपुटले.

मुलगी हसली नाही. "एक्झॅक्टली, आई," ती म्हणाली. "पण तू दार लावून करतेस."

परतताना शारजाचा रस्ता नेहमीसारखा तुंबलेला होता, त्यामुळे खिडकीकडे तोंड करून रडायला भरपूर वेळ मिळाला. फार वाईट वाटलं, कारण पोरीचं खरं होतं.

पुढच्या क्लासला मी पोरींना आणि त्यांच्या आयांना समोर बसवलं. ओढणी काढून ठेवली आणि घुंगरू बांधायला घेतले. दोरी निसटायची, मी पुन्हा गुंडाळायचे. हसायचं नाही असं ठरवलं होतं. हात इतका थरथरत होता की मी उभी राहण्याआधीच घुंगरू वाजायला लागले. एक मुलगी मदतीला पुढे सरकली, तिला मी मानेनेच थांबवलं.

दोन्ही पायांत बांधून झाल्यावर मी आजाराचं नाव सांगितलं. हा शेवटचा क्लास आहे, तेही सांगितलं. मग घुंगरू सोडायला घेतले. सोडायला जास्त वेळ लागला, आणि तोवर एकही पोर जागची हलली नाही.