शिव्या खाणारा सासरा

पडदा पडला की तो आधी मिशी उतरवत नसे. रंगमंचावर सांडलेला भात वेचायला बसे. शितन् शीत गोळा करून पुटपुटायचा, "माफ करजो माय." मग आमच्याकडे वळून, "अन्न हाय जी."

मूल गावच्या धानगिरणीत तो पोती उचलायचा. धान घरात आलं की आमच्याकडे गावोगाव मंडई भरते. घरोघरी पाहुणे येतात, सोयरिकी जुळतात आणि रात्री नाटक होतं. आमच्या मंडळात मी विंगेत बसून वाक्यं सुचवायचो. त्याला वाक्यं होतीच किती? वर्षानुवर्षं एकच पार्ट, सुनेला छळणारा सासरा. प्रवेश दोनच, पण सुनेच्या हातची भाताची थाळी तो अशी लाथेनं उडवी, की बायका पदर खोचून उठत. "तुले किडे पडतीन," असं ऐकू आलं की गडी खूश. एका म्हातारीनं तर वहाण भिरकावली. सकाळी ती वहाण तिच्या घरी पोचवून हा बेटा चहा पिऊन आला.

बायको गेल्यावर एकुलत्या लेकीला त्यानंच वाढवलं. तिला पसंत करून मुलाकडची मंडळी मंडईला आली, जेवली, नाटकाला बसली. सकाळी मुलाची आई बैलगाडीत सामान ठेवू लागली.

"पोरगी चांगली हाय. पण अन्नाले लाथ मारणाऱ्या बापाची लेक नोको मले."

"बाई, ते सोंग होतं," मी म्हणालो.

"सोंग असतं तं पाय अडखळला असता त्याचा."

तो मागाहून शितं वेचतो, हेही मी सांगून पाहिलं.

"लाथ मारल्यावर वेचून काय होते?"

इतकी मोठी शाबासकी मी कोणत्याच नटाला मिळालेली ऐकली नव्हती, आणि तिच्यापायीच त्याच्या लेकीचं लग्न मोडत होतं. तो चाकाजवळ खालीच बसला. "पोरीची शपत, बाई. आजपासून नाटक नाई करत." बाईनं सामान उतरवलं. मला दोघांचाही राग आला.

लग्न झालं, लेक सुखात नांदू लागली. पुढच्या मंडईत नाटकातला सासरा झाला आमचा किराणा दुकानदार. त्यानं थाळीला इतक्या जपून पाय लावला की शीतही हललं नाही. बायका हसल्या. आमचा जुना सासरा प्रेक्षकांत मान खाली घालून बसलेला. मला त्याच्याकडे बघवेना.

पहिला अंक संपताच विहीणबाई त्याच्यापुढे येऊन उभी राहिली.

"इवाई, आत जा. हा तं सुनेलेच भिऊन राह्यला."

"पोरीची शपत घेतली न बाई."

"पोरगी आता माह्यी हाय. शपत मी सोडली."

दुसऱ्या अंकात थाळी उडाली ती थेट पेटीवाल्याच्या मांडीत. सगळ्यांत आधी पदर खोचून उठली ती विहीणबाईच. नंतर दरवर्षी ती त्याला शिव्या द्यायला मुद्दाम गाडी जुंपून येई.

तो गेला तेव्हाही आली. उशाशी बसली, त्याच्या डोक्यावरून हात फिरवला आणि हुंदके देत म्हणाली, "मुडद्या, आता कोणाले बोलू मी?"