ओपांनी न बदललेला शेवट

ओपांकडे चहा गरम असताना संपवला, की त्यांचं तोंड उतरायचं. स्वतः लिहिलेला प्रसंग ते मला इंग्रजीत वाचून दाखवत आणि नजर माझ्या कपावर ठेवत. "ऐकता ऐकता चहा गार झाला पाहिजे," म्हणत, "नाहीतर पान फाडायचं." माझ्या एकेका घोटापायी किती पानं गेली कोण जाणे!

कॅनडातल्या केंब्रिजला आम्ही त्यांच्या बेसमेंटमध्ये भाड्यानं राहत होतो. ओपा म्हणजे जर्मनमध्ये आजोबा. माझी मुलगी त्यांना तसं म्हणे, म्हणून आम्हीही. कॅनडात येऊन म्हातारे झाले, पण जन्मभर लिहिल्या त्या जर्मन टीव्हीसाठी पोलिसांच्या मालिका. "तिकडे शंभर खुनी पकडलेत मी," ते ऐकवत.

उतारवयात त्यांनी प्रथमच स्वतःची गोष्ट लिहिली, तिकडच्याच एका वाहिनीच्या चित्रपटासाठी. बर्लिनची भिंत उभी राहण्याआधी दोघा भावांनी मिळून पूर्व जर्मनीतून पळायचं ठरवलं होतं. स्टेशनवर धाकट्याची वाट न पाहता ओपा घाबरून एकटेच गाडीत चढले. पुढे भिंत पडली, तरी भावाला तोंड दाखवायची त्यांना हिंमत झाली नाही.

वाहिनीला मात्र शेवटी भावांची गळाभेट हवी होती. शुक्रवारपर्यंत बदला, नाहीतर दुसरा लेखक! तो आठवडाभर वर त्यांच्या येरझाऱ्या आणि खाली आमची कुजबुज. "त्यांना सांग ना, एक हग लिहून टाका म्हणावं. बीपी शूट होईल त्यांचं," बायको म्हणाली. मी मूर्खासारखा वर जाऊन सांगून आलो.

"ज्यानं मला माफ केलेलं नाही," ओपा ओरडले, "त्याला कागदावर मिठी मारायला लावू?"

शुक्रवारी त्यांनी नकार कळवला. चित्रपटावरून त्यांचं नाव गेलं. खरा शेवट मात्र त्यांनी पोस्टानं भावाला पाठवला. मग बर्फ असो, वारा असो, रोज मेलबॉक्सपर्यंत फेरी. रिकाम्या हातानं परतले, की आमच्याशी बोलत नसत. मला त्यांची भीतीच वाटू लागली होती.

सात आठवड्यांनी पाकीट आलं. त्यांनी ते माझ्याकडे सरकवलं, मी फोडलं. आत त्यांचंच पान होतं, खाली भावाच्या अक्षरात दोन ओळी.

"ओपा, आर यू ओके?" मुलीनं विचारलं. त्यांनी त्या जर्मन ओळी आम्हाला इंग्रजीत सांगितल्या: "मी स्टेशनवरच खांबाआड उभा होतो. आईला सोडून यायचं नव्हतं, आणि तुला तोंडावर सांगवेना."

रविवारी मी त्यांना विमानतळावर सोडलं. जन्मभर दुसऱ्यांच्या तोंडी वाक्यं घालणारा हा माणूस आत शिरताना माझा दंड धरून विचारत होता, "त्यानं दार उघडलं, की आधी काय म्हणू?"