दाजींचे चोर आणि माझा माईक

मी लातूरच्या एका शाळेत बरीच वर्षं मराठी शिकवतो, आणि मला मराठी बोलता येत नाही, असं एका यंत्राचं मत होतं.

यंत्र तसं साधं. शिक्षकानं कॉलरला बारका माईक लावायचा. तो जे बोलेल ते मोबाइलमधलं ॲप लिहून काढतं आणि पडद्यावर दाखवतं. शाळेनं ते आणलं माझ्या मुलीसाठी. मुक्ता सातवीत, माझ्याच वर्गात आहे. दोन्ही कानांना श्रवणयंत्रं आहेत, पण चार जण एकदम बोलायला लागले की तिला नुसता गलका ऐकू येतो.

बाकी शिक्षकांचं बोलणं पडद्यावर सरळ उमटायचं. माझं? मी म्हणालो, "कवी निसर्गाकडं बघून राहिलाय." पडद्यावर आलं, "कवी सरकारकडं बघून राहिलाय." वर्ग लोळला! मी आवाज आणखी चढवला. (माईकच तो, जोरात बोललं की त्याला नीट कळणार, ही माझी शास्त्रीय समजूत.) तर आलं, "कवीला सरकारी गाय पाहिजे."

"याला आपली मराठवाड्याची मराठी कळत न्हाई!" मी स्टाफरूममध्ये जाहीर करून टाकलं.

दिवाळीच्या सुट्टीत सरावासाठी ते यंत्र घरी आणलं, टीव्हीला जोडलं. नेमके त्याच दिवशी धर्माबादहून आक्का आणि दाजी आले. आक्का माझी थोरली बहीण. दाजींचा मिरचीचा व्यापार. माणूस मोठ्या मनाचा, पण नाकावर राग. एका लग्नात वरण उशिरा वाढलं म्हणून भरल्या पंगतीतून उठून गेलेले!

बसल्या बसल्या दाजींनी त्यांची ठेवणीतली गोष्ट काढली: गोदामात शिरलेले चोर त्यांनी एकट्यानं कसे धरले. मी शेजारीच होतो, त्यामुळं माझ्या माईकमधून त्यांचे शब्दही टीव्हीवर येत होते. मुक्ता डोळे लावून वाचत होती. मी मात्र फराळ आणायच्या निमित्तानं सटकलो.

स्वयंपाकघरात बायको, सुनंदा, भिजवलेल्या मुरमुऱ्यांची सुशीला परतत होती. मी तिच्या कानाशी लागलो.

"आपल्या लग्नापासून ही गोष्ट ऐकून राहिलो मी. तवा एकच चोर होता. आता चार झाले! पुढच्या दिवाळीला मिलिटरीच बोलवावी लागंल."

"हळू बोला की! बाहेर ऐकू जाईल."

"दाजी बोलाय लागले की त्यांना दुसऱ्याचं कुठं ऐकू येतंय?"

बाहेर एकदम शांतता पसरली. मला वाटलं, चोर सापडले.

सापडलो होतो मी! कॉलरचा माईक चालूच राहिला होता आणि हे सगळं टीव्हीवर ठळक अक्षरांत उमटलं होतं. एकही चूक नाही. अनुस्वारसुद्धा जागच्या जागी! आक्का तोंडाला पदर लावून बसलेली. दाजींचा चष्मा राहिला होता बॅगेत.

"मुक्ता, काय लिहून आलंय गं?" त्यांनी विचारलं.

उच्चारांच्या सरावासाठी मोठ्यानं वाचायचं, असं मुक्ताला शाळेतून सांगितलेलं. तिनं वाचलं. खणखणीत आवाजात. सुनंदाच्या "हळू बोला की"सकट! मी सुशीलेच्या बशा घेऊन दारात आलो, तेव्हा मिलिटरी यायला निघाली होती.

दाजी उठले. "चल गं, बॅग घे."

"अवो, सणाचं असं कुठं..." आक्का कळवळली.

"दाजी, मशीन चुकतंय हो! त्याला आपली मराठी कळत न्हाई!"

"आज तर समदं कळून राहिलंय त्याला!"

त्यांनी चपला पायात घातल्या. तेवढ्यात मुक्तानं त्यांची बाही धरली.

"आतोबा, जाऊ नका ना. दरवेळी सगळे हसतेत म्हणून मी पण उगंच हसते. मला गोष्ट कधी कळायचीच नाही. आज पहिल्यांदा कळत होती, अन् तुम्ही थांबलात. चौथ्या चोराचं काय झालं?"

मला बशा जड झाल्या.

दाजींनी चपला काढल्या. माझ्यापाशी आले, कॉलरला हात घातला. (मी डोळे मिटून घेतले!) पण त्यांनी फक्त माईक काढला, आपल्या सदऱ्याला लावला आणि मुक्तासमोर बसून गोष्ट पहिल्यापासून सुरू केली. मुक्ता हसली, तीही सगळ्यांच्या आधी. त्या भरात चोर पाच झाले. मी चकार शब्द काढला नाही.

दुसऱ्या दिवशी मुक्ता म्हणाली, "पप्पा, मशीन चुकत नाही. तुम्ही वर्गात ओरडता, तेव्हा गडबड होते. स्वयंपाकघरात कसं हळू बोललात, सगळं बरोबर आलं!"

सुट्टी संपली. मी वर्गात माईक लावला आणि घरातल्यासारखी हळू आवाजात कविता म्हटली. शब्द न् शब्द पडद्यावर बरोबर! एकटी मुक्ताच नाही, अख्खा वर्ग वाचून राहिला होता. माझा ऊर भरून आला. एवढ्यात शेवटच्या बाकावरच्या रेश्मानं हात वर केला. वर्षभरात पहिल्यांदाच!

"सर, ही कविता होती व्हय? आम्हाला वाटायचं, तुम्ही आमच्यावर वरडून राहिले!"