पाणी देण्याचं शून्य

“अनोळखी माणूस दारात आला आणि आई घरी नसेल, तर तू काय करशील?” बुद्धीची चाचणी घेणाऱ्या मॅडमनी विचारलं.

माझी लेक दहा वर्षांची. चटकन बोलली, “पावणं, बसा म्हणीन. पाणी दीन. मग शेजारच्या काकूला हाक मारीन की.”

मॅडम हसल्या. बाजूला बसलेल्या शिकाऊ मुलीला म्हणाल्या, “बघितलंस? धोका कळतच नाही हिला.” आणि शून्य टाकलं.

कबनूरला यंत्रमागावर रात्रपाळी करून मी लेकीला घेऊन थेट कोल्हापूर गाठलं होतं. डोळे मिटत होते. शाळेनं सांगितलं होतं, बुद्ध्यांक काढून आणा, मग पाचवीत घ्यायचं बघू. मला कोपऱ्यात स्टुलावर बसवलं होतं. मधे बोलायचं नाही, अशी ताकीद.

हसणं लेकीला कळलं. नंतर तिनं तोंडच उघडलं नाही. ठोकळे मांड म्हटलं, तर हात मांडीखाली घेऊन बसली. तेही शून्य. पुढचंही शून्य.

शेवटी मॅडम माझ्याकडं वळल्या. “बुद्धी बरीच कमी आहे. वेगळ्या शाळेत घाला. तुमच्या घरी तरी शिकलेलं कोण बोलणार हिच्याशी?”

मलाही शाळेत मठ्ठ म्हणायचे. मी ते खरं धरलं. सातवीत शाळा सुटली तेव्हा वाटलं, डोकंच नाही तर शिकून काय करायचं. इतकी वर्षं तसंच जगले. आज माझ्या डोळ्यांदेखत एक मठ्ठ पोरगी तयार झाली. अर्ध्या तासात. संताप आला. रडूही आलं.

मी उठले. “मॅडम, पावण्याला पाणी द्यायचं मीच शिकवलंय तिला. आमच्या गल्लीत दार दिवसभर उघडं असतंय. तिचं उत्तर बरोबर हाय.”

“चाचणीत ते बसत नाही.”

“मग ही चाचणी आमास्नी मान्य न्हाय.”

लेकीचा हात धरून बाहेर पडले. एसटीत ती झोपली. मला जिंकल्यासारखं काही वाटलं नाही. अंग नुसतं आंबून गेलं होतं. शाळा उद्या पुन्हा अडवणार, ठाऊक आहे.

बुद्धी मोजायला माझी ना नाही. पण मोजणाऱ्यानं आधी आमच्या गल्लीत यावं, पोरीशी चार शब्द बोलावं, मग प्रश्न काढावा. तोवर ती तिच्याच शाळेत, तिच्याच मैत्रिणींबरोबर पाचवीत बसेल. मी रात्रपाळी संपवून रोज वर्गाच्या दारात बसेन. तिला उठवायचं असेल, तर आधी मला उठवा.