फोटोसाठी लावलेली ओळ

सुगंधानं रोप धरून हलकेच ओढलं, तर मुळं जमिनीतच राहिली आणि वरचा भाग तिच्या हातात आला. देठांच्या बुडाशी काळपट चिखल झाला होता. वास असा, की मी ओढणी नाकाला लावली.

"मॅडम, औषध टाकून आठ दिवस झाले," ती म्हणाली. "हे सडणं काऊन थांबून नाई राह्यलं?"

मी शेजारचं रोप ओढून पाहिलं. तेही तसंच. अशा प्रश्नांची उत्तरं देण्याचाच तर मला पगार मिळतो. मी कृषी सहायक. पिकावर कीड-रोग येऊ नये म्हणून काय करायचं ते शेतकऱ्याला सांगायचं, आणि तरी आलाच तर साहेबांना कळवायचं, हे माझं काम.

पीक होतं सेलेरियाक. कोथिंबीर आणि गाजराच्या कुळातलं. पानांपेक्षा जमिनीलगत फुगणारा कंद खायचा. दिसायला इतका ओबडधोबड, की गावात त्याला कोणी फुकट घेणार नाही. पण जंगलाकडच्या एका रिसॉर्टच्या शेफला तो सूपसाठी हवा होता. सुगंधा तिथं भाजी पोचवते, म्हणून त्यानं तिला विचारलं आणि तिनं मला. तिच्या सासूबाईंनी, पार्बताबाईंनी, धानाची एक बांधी, म्हणजे बांधानं वेढलेला शेताचा तुकडा, तिला दिली. अट एकच होती.

"या हंगामात जमलं त बांधी तुही. नाई त पुढच्या साली मी लाखोळी टाकतो, अन मंग मले काई सांगाचं नाई." लाखोळी म्हणजे धानाच्या ओलीवर येणारी डाळ.

लग्नाला नऊ वर्षं झाली तरी सुगंधाला स्वतःच्या मनानं काही पेरायला मिळालं नव्हतं. म्हणून मी जरा जास्तच जीव ओतला. हे थंड हवेचं पीक, आपल्याकडे ऊन. उन्हानं दमलेल्या झाडावर रोग लवकर बसतो. म्हणून रोपं हिरव्या नेटखाली वाढवली. जिथं पूर्वी कोथिंबीर किंवा गाजर होतं ती जागा टाळली, कारण एका कुळातल्या पिकांचे रोगही बहुतेक सारखेच. धान कापल्यावर उंच गादीवाफे केले, म्हणजे पाणी साचणार नाही. ड्रिप टाकलं आणि पाणी सकाळीच द्यायचं ठरवलं. पानं रात्रभर ओली राहिली की त्यांच्यावर ठिपके पडतात. मावा, म्हणजे रस शोषणारे बारीक किडे, आधी मोहरीवर जावेत म्हणून कडेनं मोहरी लावली. या सगळ्याचा चार्ट करून मी सुगंधाच्या दारामागे चिकटवला होता. चार्ट छान होता. रंगीत प्रिंट होती.

आणि आता रोपं सडत होती. मी साहेबांना फोन लावला.

"औषध बदलून बघा," ते म्हणाले. "आणि फोटो पाठवा. लावणीच्या दिवशी पाठवला होता तसा, क्लिअर."

फोटोचं नाव निघालं म्हणून मी पहिल्या वाफ्याकडे पाहिलं. लावणीच्या दिवशी त्या वाफ्यातली कडेची ओळ मी स्वतः लावली होती. एका हातात रोप, चेहरा कॅमेऱ्याकडे. मी वरोऱ्याची. आमच्याकडे कापूस, सोयाबीन. बी टोचलं की मोकळं. रोप लावायची सवय नाही. माझी ओळ वाकडी झाली, रोपं अर्धवट वर राहिली. पार्बताबाई बघून खूप हसल्या होत्या.

"कावळा बसला त पडन हे! मॅडम, तुम्ही कागदच लिवा."

बाकीची सगळी बांधी त्यांच्या रोवणाऱ्या बायांच्या टोळीनं लावली. रोवण्यात पार्बताबाईंचा हात धरणारं गावात कोणी नाही. कंबरेतून वाकायचं, अंगठ्यानं रोप दाबत मागं सरकायचं. बघताना डोळे निवतात.

तर ती माझी वाकडी ओळ. तिच्यातलं एकही रोप सडलं नव्हतं. हिरवीगार, वर माझ्याकडे बघून हसल्यासारखी.

मी शेजारच्या ओळीत बोट घातलं. रोप गळ्यापर्यंत मातीत होतं. जिथून नवी पानं फुटतात तो कोंब, म्हणजे रोपाची मानच, गाडलेली. तिथं ओल धरली, तिथंच सड. धान चिखलात दाबून रोवतात. त्या हातांनी हेही धानासारखंच रोवलं होतं, आणि अगदी मन लावून.

"सासूबाईंना सांग," मी सुगंधाला म्हटलं.

"तुम्हीच सांगा मॅडम. मले त्या घरात राहाचं हाय."

पार्बताबाई बांधावरच होत्या. मी दोन रोपं शेजारी धरून दाखवली. "बाई, धान चिखलात दाबलं तरी चालतं. याची मान उघडी लागते. तुमचा हात चांगलाच आहे, पीक वेगळं आहे."

त्या माझ्या ओळीपाशी उकिडव्या बसल्या, बोटानं माती उकरून पाहिली. मग त्यांनी मान वर केली.

"त्या दिवशी तू इथीच होतीस ना पोरी?"

"हो," मी म्हटलं.

"मंग सांगाले काय झालतं? फोटो त काढून राह्यली होतीस."

माझा चेहरा खर्रकन उतरला. मी खरंच तिथं होते. त्यांच्या रोवण्याला मी काय शिकवणार, असं वाटलं होतं. खोली किती असावी हे मलाही वाचूनच माहीत होतं, आणि त्या दिवशी ते आठवलंही नाही.

त्यांनी पदर खोचला आणि बायांना हाक मारली. दोन दिवस पाणी बंद ठेवलं. सडलेली रोपं उपटून बांधीबाहेर नेऊन जाळली. उरलेल्या एकेका रोपाच्या मानेभोवतीची माती बोटांनी बाजूला केली. रोपवाटिकेतली शिल्लक रोपं मोकळ्या जागी लावली, वरवर, माझ्यासारखी. हे शेवटचं पार्बताबाईंनी मुद्दाम मोठ्यानं सांगितलं.

मार्चमध्ये कंद निघाले. काही मुठीएवढेच भरले, पण शेफनं सगळे घेतले. सर्वांत मोठे माझ्या ओळीतले होते, हे मी रिपोर्टमध्ये लिहिलं नाही. बांधी सुगंधाकडे राहिली. लाखोळी दुसऱ्या बांधीत जाणार आहे.

"पुढच्या साली मीच रोवीन," पार्बताबाईंनी मला बजावलं. "अन तू समोर बसजो. फोन घरी ठेवून येजो."

दारामागचा चार्ट मी उतरवून पुन्हा वाचला. बियाण्यापासून मोहरीपर्यंत सगळं होतं. रोप किती खोल लावायचं, ती ओळ नव्हती. आता ती सर्वांत वर आहे, पेनानं लिहिलेली. अक्षर सुगंधाचं आहे.