सुतक आणि तिसावा दिवस

दिंडोशीच्या कोर्टाबाहेर मी बावीस वर्षं अर्ज टाइप करतोय. रडणारी माणसं रोजचीच, त्यामुळे काळीज जरा निबर झालंय. तरी नलिनी गावकरांवर ओरडलो त्याचं मला अजून वाईट वाटतं.

त्यांचे यजमान दत्ताराम अंधेरीतल्या एका कारखान्यात स्टोअरकीपर होते. तांब्याची तार चोरली म्हणून खालच्या कोर्टाने त्यांना सहा महिन्यांची शिक्षा दिली. त्यांनी अपील केलं, जामीन मिळाला, आणि सात वर्षं नवराबायको तारखांना येत राहिले. डब्यात भाकरी नि सुकट. "ह्यांनी कंपनीतला खिळासुद्धा घरी आणला नाही हो," हे वहिनींनी मला शंभरदा सांगितलं असेल. मग एका पहाटे दत्ताराम हार्ट अटॅकने गेले.

अपील करणारा गेला की अपील बंद होतं आणि चोरीचा डाग तसाच राहतो. बायकोमुलांनी मृत्यूपासून तीस दिवसांत अर्ज केला, तरच ते पुढे चालवता येतं. वकिलांनी फोनवर एवढंच सांगितलं होतं, तीस दिवसांत या. वहिनी मुलाला, नितेशला घेऊन दुपारी साडेतीनला आल्या. मृत्यूच्या दाखल्यावरची तारीख बघून माझे हात थांबले.

"वहिनी, आज तिसावा दिवस आहे!"

"छे! अजून तेरा दिवस आहेत. सुतकातले कोण धरतं? सुतकात कागदाला हात कसा लावायचा?"

"कोर्टाला कसलं आलंय सुतक!" मी खेकसलो. "साडेचारला अर्ज घ्यायची खिडकी बंद होते!"

त्यांचा चेहरा पांढराफटक पडला. मी टाइपरायटर बडवत सुटलो.

"जाऊ दे ना आई," नितेश म्हणाला. "बाबा सुटले. आता हरलो तर परत वाट लागेल. ऑफिसात कुणाला माहीत नाहीये यार."

"सुटले? मेले रे ते! सुटायचे अजून बाकी आहेत."

चार वाजून दहा मिनिटांनी प्रती निघाल्या. सही करता करता वहिनींनी मान वर केली.

"भाऊ, मधेच मला काही झालं तर? परत बंद?"

"दुसरं कुणी अर्जदार नसेल, तर अवघडच आहे."

मी नितेशकडे पाहिलं नाही. त्यानेच माझ्यापुढचं पेन उचललं, आईच्या नावाखाली काहीतरी लिहिलं, सही ठोकली आणि कागद घेऊन वकिलांची सही आणायला जिन्याकडे धावला. वहिनी घड्याळाकडे बघत उभ्या राहिल्या.

चार अठ्ठावीसला खिडकीवर शिक्का बसला.

शिक्क्याची प्रत वहिनींनी चष्मा लावून वाचली आणि त्या मटकन बाकावर बसल्या. शिक्षा लागल्यापासून पोरगा सगळीकडे 'नितेश डी. गावकर' लिहायचा, हे त्यांनीच मला मागे एका तारखेला सांगितलं होतं. इथे त्याने लिहिलं होतं, नितेश दत्ताराम गावकर.